पंधरापैकी चौदा हो

पडदा वर जातो तेव्हा आयर्लंडमधल्या क्लूनारा गावाचा चौक दिसतो. डावीकडे चर्च, उजवीकडे पोस्ट, मागच्या बाजूला एकमेकांना चिकटलेली अकरा घरं, प्रत्येकाच्या दाराचा रंग निराळा. साल १९९४, मार्च महिना, शुक्रवार सकाळ. पेन्शनचा दिवस असल्यामुळे पोस्टासमोर म्हातारी माणसं उभी आहेत. पाऊस पडतोय असं म्हणता येणार नाही, पण कोणी कोरडंही नाही. पोस्टामागच्या गल्लीतून निळा कोट घातलेली, पन्नाशीची एक उंच बाई प्रवेश करते. हातात कागद लावलेली फळी आहे आणि कागद भिजू नये म्हणून फळीवर पावाची रिकामी पिशवी चढवलेली आहे. पहिल्या हिरव्या दारासमोर ती थांबते. चेहऱ्यावर जे काही असेल ते पुसून टाकते आणि दार वाजवते.

ही अट्रॅक्टा कॉनबॉय.

ते चेहरा पुसणं तिला मी शिकवलं असं गावात म्हणतात. ते खरं नाही. मी या गावात १९५७ साली एका फिरत्या नाटक कंपनीबरोबर आलो. टेलिव्हिजन आला, कंपनी मोडली आणि मी इथेच राहिलो. शाळेत उच्चार शिकवायचो आणि हिवाळ्यात गावकऱ्यांची नाटकं बसवायचो. अट्रॅक्टा आमची प्रॉम्प्टर होती. नट अडला की विंगेतून त्याला शब्द द्यायचा, पण त्या शब्दात राग, लोभ, रडू काहीही घालायचं नाही. ते नटाचं काम. हे जमणारी माणसं मी सबंध आयुष्यात तीन पाहिली. दोन पगारी होती, तिसरी अट्रॅक्टा. बापाचा खून झाल्याची बातमी ती बटाट्याचा भाव सांगावा तशी द्यायची आणि नट त्यावर हंबरडा फोडायचा.

१९८८ साली डब्लिनच्या एका जनमत चाचणी कंपनीला आमच्या भागासाठी बाई हवी होती. प्रश्न छापलेला असेल तसाच वाचायचा, उत्तर येईल तसंच लिहायचं, आपलं मत दिसू द्यायचं नाही. अट्रॅक्टाला पहिल्या दिवसापासून काही शिकवावं लागलं नाही. साबण, रेल्वे, पंतप्रधान, दूध, सगळं तिने एकाच आवाजात विचारलं.

त्या शुक्रवारचा प्रश्न असा होता: घटस्फोटाला परवानगी द्यावी की नाही यावर सरकारने दुसऱ्यांदा सार्वमत घ्यावं, असं तुम्हाला वाटतं का? हो, नाही, सांगता येत नाही.

पहिलं सार्वमत १९८६ साली झालं होतं. त्याआधी दारोदार विचारलं तेव्हा बहुतेक लोक हो म्हणाले होते. मग चर्चमध्ये प्रवचनं झाली, पहिली बायको आणि दुसरी बायको यांच्यात जमिनीची वाटणी कशी होणार यावर डेअरीच्या रांगेत वाद झाले, आणि प्रत्यक्ष मतपेटीत दर तिघांतले जवळजवळ दोघे नाही म्हणाले. आता आठ वर्षं उलटली होती. सरकार आज घेऊ, उद्या घेऊ करत होतं, आणि पुन्हा हरायला नको म्हणून लोकांचा कल चाचपून बघत होतं.

अट्रॅक्टाचा नवरा मॅलकी १९७३ साली इंग्लंडात कॉव्हेंट्रीला कामाला गेला. दोन वर्षं पत्रं आली. पुढे पत्रं थांबली, आणि त्याचं तिकडे दुसरं बिऱ्हाड असल्याचं तिसऱ्याच माणसाकडून कळलं. मूलबाळ नव्हतं. नऊ वर्षं ती एकटी राहिली आणि १९८२ साली जार्लथ टॅन्सीच्या घरी राहायला गेली. जार्लथ वायरमन. आमच्या नाटकांची प्रकाशयोजना तोच करायचा. दिवसाला चाळीसेक शब्द बोलत असेल, त्यातले निम्मे फ्यूजबद्दल. कायद्याने ती कॉनबॉयचीच बायको राहिली. त्या दिवसापासून रविवारी चर्चमध्ये ती सगळ्यात मागच्या बाकावर बसायची आणि नियमाने मिळत नाही म्हणून प्रसाद घ्यायला उठायची नाही. गावाने तिच्याशी वाकडं काही केलं नाही. रस्त्यात मान हलवायचे, हवेबद्दल बोलायचे. घरात मात्र कोणी येत नव्हतं आणि तिलाही कोणी बोलवत नव्हतं.

१९९१ साली जार्लथला हृदयाचा झटका आला. रुग्णालयात कागद भरताना तिथल्या सिस्टरनी विचारलं, आपण यांच्या कोण? अट्रॅक्टा थांबली. सिस्टर वयस्कर होत्या, मायाळू होत्या. अशा ठिकाणी काय लिहायचं ते त्यांना ठाऊक होतं. त्यांनी लिहिलं, घर सांभाळणारी बाई. अट्रॅक्टाने ते उलटं वाचलं. टेबलाच्या पलीकडून अक्षरं उलटी वाचायची तिला सवयच होती. मला हे तिने चार वर्षांनी सांगितलं, तेही त्याच बटाट्याच्या भावाच्या आवाजात.

तेव्हा त्या शुक्रवारी कागदावर जो प्रश्न होता, तो तिच्या घरातला होता. दुसरं सार्वमत झालं तर ती जार्लथची बायको होऊ शकत होती. नाही झालं, तर पुढच्या झटक्याला पुन्हा कोणीतरी मायाळूपणे काहीतरी लिहिणार होतं.

कंपनीचा एक नियम होता: नातेवाइकांना आणि मित्रमैत्रिणींना प्रश्न विचारायचे नाहीत. एरवी तिला दूरदूरच्या गावांत पाठवत. या वेळी क्लूनारा आलं. तिने डब्लिनला फोन करून विचारलं नाही. मी सकाळीच तिला म्हटलं होतं, अगं, स्वतःच्याच गावात? त्यावर ती म्हणाली, "मास्तर, या गावात माझी मैत्रीण कोण आहे ते मला एकदा दाखवा." मला दाखवता आली नाही.

दुपारी तीनला ती माझ्या स्वयंपाकघरात आली. कोट काढला नाही. पावाच्या पिशवीतून फळी काढून टेबलावर ठेवली. गाल लाल झाले होते. सव्वीस वर्षांत तिच्या चेहऱ्यावर इतकं काही एकदम दिसल्याचं मला आठवत नाही.

"पंधरा दारं," ती म्हणाली. "पंधरापैकी चौदा हो."

मी चहा ठेवला. तिने एकेक घर सांगायला सुरुवात केली. डेअरीचा मॅनेजर, हो. म्हातारा लेव्हिन, ज्याने ८६ साली फाटकावर घटस्फोट नको म्हणून हा एवढा फलक लावला होता, तोही हो. वर म्हणाला की लोकांना दुसऱ्यांदा विचारण्यात वाईट काय आहे, माझी गाय तर रोज मत बदलते. पोस्टातली पोरगी, हो. आणि गिब्लिनबाई.

"गिब्लिनबाई?" मी म्हटलं.

डिंप्ना गिब्लिन म्हणजे चर्चची फुलं, चर्चची इस्त्री आणि चर्चची चावी. ८६ साली त्या सलग नऊ संध्याकाळी जपमाळ घेऊन चौकात उभ्या होत्या. त्यांनी अट्रॅक्टाला आत बोलावलं होतं, चहा दिला होता, मनुकांचा केक कापला होता. प्रश्न वाचून होईपर्यंत ऐकून घेतला आणि म्हणाल्या, "हो लिहा हं." मग केकचा दुसरा तुकडा वाढला.

"आणि नाही कोण म्हणालं?" मी विचारलं.

"गुरांच्या डॉक्टरांचा नवा मदतनीस. केरीचा पोरगा. दोन महिने झालेत येऊन." ती कागदाकडे बघत होती. "त्याला मी कोण ते माहीतसुद्धा नाही."

किटली शिट्टी वाजवत होती. तिकडे दोघांनीही लक्ष दिलं नाही.

रंगभूमीवर आयुष्य काढलेल्या माणसाला टाळ्यांचे दोन प्रकार लगेच ओळखता येतात. एक नाटकाला पडलेल्या, आणि एक पहिल्या रांगेत नटीची आई बसली आहे म्हणून पडलेल्या. दुसऱ्या प्रकारच्या नेहमी जरा मोठ्या असतात. तिने फळीवरचा कागद काढला, चौदा नावांवरून बोट फिरवलं आणि बराच वेळ ते गिब्लिनबाईंच्या नावावर ठेवलं.

"केक ताजा होता," ती म्हणाली. "माझ्यासाठी कापला त्यांनी."

मग माझ्याच फोनवरून तिने डब्लिनला फोन लावला. तिकडे हॅकेट नावाचे साहेब होते. त्यांचं बोलणं मला ऐकू येत नव्हतं, पण तिच्या उत्तरांवरून कळत होतं. हा कागद धरू नका, असं तिने सांगितलं. त्यांनी कारण विचारलं. यातले चौदा जण माझ्या मैत्रीतले आहेत, असं ती म्हणाली. साहेब बहुधा वैतागले. देशभरातून हजार माणसांना विचारायचं आहे, पंधरांनी काय बिघडतं. आणि तुमचा कागद चांगला आहे, लोकांना सार्वमत हवं आहे असंच सगळीकडून येतंय, असं काहीतरी म्हणाले असावेत. कारण ती म्हणाली, मलाही हवंय, म्हणून तर सांगतेय. त्यानंतर त्यांनी तिला नियम वाचून दाखवला असावा, आणि हे सकाळी का नाही सांगितलं असं विचारलं असावं.

"सकाळी मला ठाऊक नव्हतं, साहेब," अट्रॅक्टा म्हणाली.

कागद रद्द झाला. क्लूनारासाठी सोमवारी अथलोनहून दुसरी मुलगी यायची ठरलं आणि अट्रॅक्टाला चाळीस मैलांवरच्या एका गावी पाठवायचं ठरलं.

शनिवारी ती गिब्लिनबाईंकडे गेली, फळीशिवाय. ही हकिगत मला नंतर दोघींकडूनही कळली आणि दोन्हींत फरक नाही, म्हणून खरी मानायला हरकत नाही. अट्रॅक्टाने दारातच सांगितलं की कालचं तुमचं उत्तर मी खोडलं. सोमवारी परकी मुलगी येईल, तिला मनात असेल ते सांगा. गिब्लिनबाईंना राग आला. माझं उत्तर खोडणारी तू कोण, म्हणाल्या.

"तुम्ही मला उत्तर नाही दिलंत, गिब्लिनबाई. तुम्ही मला केक दिलात."

गिब्लिनबाईंनी दार पूर्ण उघडलं. मग म्हणाल्या, राहिलाय अजून थोडा, वाळायच्या आत ये संपवायला. त्या दिवसापासून दर शनिवारी अट्रॅक्टा तिथे चहाला जाऊ लागली. उन्हाळ्यात गिब्लिनबाई तिच्या घरी आल्या. बारा वर्षांत त्या घराची बेल एवढी कमी वाजली होती की ती बिघडली आहे हे वायरमनच्याही लक्षात आलं नव्हतं.

सोमवारच्या मुलीला कोणी काय सांगितलं ते कोणालाच कळलं नाही. अट्रॅक्टाच्या परक्या गावात पंधरांपैकी आठ हो निघाले, पाच नाही, दोघांना सांगता येत नव्हतं. आठ हा काही मोठा आकडा नव्हे. ती मात्र परत आली ती गुणगुणत.

दुसरं सार्वमत १९९५च्या नोव्हेंबरात झालं. त्यात प्रचाराची राळ उडाली. म्हाताऱ्या लेव्हिनने जुना फलक काढून नव्याने रंगवला आणि पुन्हा फाटकावर लावला. अट्रॅक्टा समोरून गेली की तो टोपी काढायचा आणि फलकासमोर आडवा उभा राहायचा. मतदान शुक्रवारी होतं, मोजणी शनिवारी दिवसभर. जार्लथने आपला रेडिओ उघडून साफ करून ठेवला होता. पश्चिमेकडचे आमचे मतदारसंघ एकामागून एक नाही म्हणत गेले, डब्लिन हो म्हणत गेलं. अट्रॅक्टाने पाव भाजला, कापला आणि खायचा विसरली. शेवटी देशाने हो म्हटलं, ते अवघ्या नऊ हजारांनी. फुटबॉलच्या फायनलच्या दिवशी मैदानाच्या एका कोपऱ्यात याहून जास्त माणसं असतात. जार्लथ म्हणाला, "झालं म्हणायचं." आणि रेडिओ बंद केला.

तरी कायदा व्हायला, कोर्टात अर्ज जायला, कॉव्हेंट्रीहून मॅलकीची सही यायला वेळ लागला. लग्न ठरलं १९९७च्या ऑक्टोबरात, जिल्ह्याच्या गावी, नोंदणी कार्यालयात. दोन साक्षीदार लागत होते. एक मी होतो. दुसऱ्या तुम्ही व्हाल का, असं अट्रॅक्टाने गिब्लिनबाईंना शनिवारच्या चहावर विचारलं. त्यांनी विचार करायला आठवडा मागितला. पुढच्या शनिवारी म्हणाल्या की गाडीतून येईन, पण आत येणार नाही. चर्चबाहेरचं ते काही लग्न नव्हे. साक्षीदाराने गाडीत बसून कसं चालेल असं अट्रॅक्टाने विचारलं. ते बघू, म्हणाल्या.

त्या दिवशी माझ्या जुन्या फोर्डमध्ये मागच्या सीटवर गिब्लिनबाई हॅट घालून, मांडीवर केकचा डबा घेऊन बसल्या होत्या. आम्ही तिघं उतरलो. त्या बसून राहिल्या. आम्ही पायऱ्या चढून वर गेलो, नोंदणी अधिकाऱ्याने आमची नावं विचारली, आणि तेवढ्यात दार उघडून त्या आत आल्या. गाडीत गारठा आहे, म्हणाल्या. केकचा डबा त्यांनी सरकारी टेबलावर ठेवला.

पाच मिनिटांत सगळं झालं. अट्रॅक्टाने शपथेचे शब्द छापल्याप्रमाणे म्हटले. आवाज एका ठिकाणी हलला. तिथे विंगेतून शब्द द्यायला कोणी नव्हतं, तिने स्वतःच सावरलं. तिने सही केली, जार्लथने केली, मी केली. गिब्लिनबाईंनी हातमोजा काढला, पेन घेतलं, कागदावर टेकवलं आणि तसंच धरून ठेवलं. अधिकारी घड्याळाकडे बघू लागला.

"मी नाही म्हणून मत दिलं होतं, अट्रॅक्टा," त्या हळूच म्हणाल्या. "दोन्ही वेळा. आणि अथलोनच्या पोरीलाही तेच सांगितलं."

"माहीत आहे मला, डिंप्ना," अट्रॅक्टा म्हणाली. "इथे खाली सही कर."