स्टॅनमोरमधला उखाणा

लग्नाला वीस वर्षं होत आली तरी मी नवऱ्याचं, म्हणजे यांचं, नाव घेत नव्हते. मी काही गरीब गाय नव्हते. गाडी मी चालवायची, फार्मसीतल्या माणसांना धाकात मी ठेवायची, आणि लंडनजवळच्या स्टॅनमोरचं घर घेताना बँकेच्या मॅनेजरशी हुज्जत घातली तीही मीच. पण नाव? छे. आईनं कधी घेतलं नाही, मीही घेतलं नाही. ‘अहो’ म्हटलं की हे वळून बघायचे, मग नावाची गरजच काय!

नाव तसं मोठं, भारदस्त होतं. भारतात हे सैन्यात डॉक्टर होते. तिथे सगळे पुढे ‘कॅप्टन’ लावून ते पूर्ण घ्यायचे, असं हे मला सतरांदा सांगायचे. इंग्लंडच्या हॉस्पिटलात पहिल्याच आठवड्यात त्याची छाटणी झाली. पुढचा तुकडा ठेवला, बाकीचं टाकून दिलं. त्या तुकड्यावर यांनी म्हाताऱ्यांच्या वॉर्डात उमेदीची वर्षं काढली. कन्सल्टंटच्या, म्हणजे वरच्या डॉक्टरच्या जागेच्या, इंटरव्ह्यूला जायचे आणि ‘बिस्किटं बरी होती’ म्हणत परत यायचे. हसून सांगायचे, पण मला कळायचं. एकदा तरी कुणीतरी आपल्याला पूर्ण नावानिशी निवडावं, एवढंच यांना हवं होतं.

अशात यांनी लायब्ररीतून कुठल्याशा अमेरिकनाचं चरित्र आणलं. एकोणिसाव्या शतकातला माणूस, आधी सैनिक, मग विधिमंडळात, मग न्यायाधीश. ते पुस्तक यांच्या डोक्यात इतकं बसलं की एका रविवारी पोहे खाता खाता म्हणाले, ‘मी कौन्सिलला स्टँड करतोय.’

‘हे कुणी डोक्यात घातलं?’

‘पार्टीच्या लोकांनी विचारलंय. आय थिंक आय कॅन डू इट.’

‘तुमच्या त्या अमेरिकनाच्या बायकोला विचारा आधी, किती किटल्या चहा करावा लागला ते.’

बोलले खरी, पण मनातून मी हरखले होते. यांना निवडून आणायचंच, असं तिथल्या तिथे ठरवून टाकलं.

एप्रिलभर संध्याकाळी मी दारोदार हिंडले. सोबतीला पक्षाची जुनी कार्यकर्ती होती, एक रिटायर झालेली इंग्लिश शिक्षिका. रस्त्याच्या एका बाजूची घरं ती घ्यायची, दुसऱ्या बाजूची मी. बेल वाजवायची, पत्रक हातात द्यायचं आणि म्हणायचं, ‘प्लीज व्होट फॉर माय हजबंड.’ सगळे गोड बोलायचे. मला वाटलं, जिंकलोच आपण.

एका संध्याकाळी ती बाई माझ्याबरोबर एकाच दारात आली. आतल्या आजोबांनी पत्रक डोळ्यांजवळ धरलं. वॉर्डात तीन जागा होत्या, म्हणून पत्रकावर आमच्या पक्षाच्या तीन उमेदवारांचे फोटो होते. छपाई इतकी काळी की तिघेही आमच्याकडचेच वाटावेत.

‘यातला तुमचा कोणता?’ आजोबांनी विचारलं.

‘उंच आहेत ते,’ मी म्हटलं. फोटो गळ्यापर्यंतच होते.

फाटकाबाहेर येताच बाईनं मला थांबवलं. ‘सगळीकडे हेच सांगितलंत?’

मी मान डोलावली. तिनं क्षणभर डोळे मिटून घेतले. मग म्हणाली, ‘तुम्हाला नवरा आहे हे आता अख्ख्या वॉर्डाला माहीत झालंय. तो कोण, हे मात्र कुणालाच माहीत नाही.’ आणि तिनं मला समजावलं की मतं तीन असली तरी लोक दोन ओळखीच्या इंग्रज नावांपुढे फुली मारतात आणि जे वाचता येत नाही ते सोडून देतात. अशी माणसं तिनं हरताना पाहिली होती.

मीच यांना पाडणार होते! रस्त्यातच उभं राहून मी तिला आमची रीत सांगितली.

‘कधीच नाही घेतलंत?’

‘एकदा. लग्नात. यमकात गुंफलं की चालतं आमच्यात.’

‘मग करा की यमक,’ बाई म्हणाली. जन्मभर शाळेत शिकवलेली ती, तिला यात काहीच अवघड वाटलं नाही.

दुसऱ्या दिवसापासून मी प्रत्येक दारात उखाणा घ्यायला लागले. ‘रोझेस बाय द गेट, केटल ऑन द हॉब,’ म्हणजे शेगडीवर किटली, मग यांचं नाव, आणि ‘इज द मॅन फॉर द जॉब!’ लोक हसायचे, पुन्हा म्हणायला लावायचे, स्वतः म्हणून बघायचे. आधीच्या सगळ्या घरांनाही मी परत गेले. मतदानाच्या आठवड्यात आमचा दूधवाला पायरीवर बाटल्या ठेवताना तेच गुणगुणत होता.

मोजणी शुक्रवारी सकाळी होती. हे टेबलांपाशी उभे राहून मतपत्रिका बघत होते. निकाल वाचणारे अधिकारी हातात कागद घेऊन माझ्याकडे आले.

‘मला हे नाव बरोबर घ्यायचंय. कसं म्हणायचं?’

जिभेवर रोझेस आले होते. पण कोट घातलेल्या त्या गंभीर माणसापुढे, भरल्या हॉलमध्ये, उखाणा कसा घेणार? मी नाव घेतलं. यांचं, यांच्या वडिलांचं, मग आडनाव. सरळ, यमकाशिवाय. त्यांना पुन्हा ऐकायचं होतं, मी पुन्हा घेतलं. वळले तर हे मागेच उभे! कधी आले होते कोण जाणे. यांचा चेहरा बघून मी घाईघाईनं पर्समध्ये रुमाल शोधायला लागले.

निवडून आलेल्यांत ते नाव पूर्ण वाचलं गेलं. ‘ळ’ तेवढा चुकला. पण मला त्या माणसाच्या गळ्यात हार घालावासा वाटला.

काही वर्षांनी हे मॅजिस्ट्रेट झाले; इंग्लंडात त्यासाठी वकील असावं लागत नाही. अमेरिकनाची बरोबरी झाली म्हणून मी चिडवलं. एकदा प्रेक्षकांच्या गॅलरीत बसून यांचं कोर्टही पाहिलं. समोर एक आफ्रिकन तरुण होता. क्लार्कनं त्याचं लांबलचक नाव अर्ध्यावर सोडलं. यांनी त्या तरुणालाच विचारलं, नीट ऐकून घेतलं, नाव पूर्ण उच्चारलं, आणि मग चांगला सणसणीत दंड ठोकला.

नव्वदच्या दशकाच्या शेवटी यांना स्ट्रोक आला. ज्या वॉर्डात नोकरी केली त्याच वॉर्डात यांना खाट मिळाली. खाटेमागच्या फळ्यावर, पेशंटला काय म्हणून हाक मारायची तिथे, कुणी जुन्या ओळखीनं तो छाटलेला तुकडाच लिहिला होता. मी तो पुसून टाकला आणि पूर्ण नाव लिहिलं. ड्यूटीवर येणाऱ्या प्रत्येक नर्सला ते म्हणायला शिकवलं, आणि जमेपर्यंत सोडलं नाही. हे डोळे मिटून ऐकत असायचे. बोलणं जवळजवळ बंद झालं होतं.

एका दुपारी मी उशाशी संत्रं सोलत बसले होते. यांचे ओठ हलले. ‘रोझेस,’ हे म्हणाले. मी संत्रं खाली ठेवलं.

‘बाय... द गेट.’

एवढं बोलून हे थांबले आणि माझ्याकडे बघत राहिले. पुढचं मी म्हटलं, नावासकट, सगळ्या वॉर्डाला ऐकू जाईल असं.