निळ्या पिंपावरचा नगरसेवक

बोईसरच्या कारखान्याच्या गेटवर आमच्या युनियनचे पुढारी निळं पिंप उपडं करायचे, चपला काढून त्यावर चढायचे आणि मूठ वर करायचे. मूठ वर गेली की घोषणा मी द्यायची, एवढंच माझं काम. माझा गळा डोक्यापेक्षा कितीतरी मोठा होता. त्या पुढाऱ्यांना सगळे दादा म्हणत.

पुढे दादा पालघरला नगरसेवक झाले. पहिल्याच उन्हाळ्यात वॉर्डातले नळ आटले आणि बायका रिकामे हंडे घेऊन त्यांच्या दारात आल्या. अधिकारी दाद देईनात, तेव्हा दादांनी सवयीप्रमाणे मोर्चा काढला. नगरपरिषदेच्या पायरीशी त्यांनी चपला काढल्या, मूठ वर केली, आणि मीही सवयीनं बोंबललो, "झोपलेले नगरसेवक, राजीनामा द्या!"

मोर्चातल्या बायका माझ्याकडे वळल्या. एक आजी म्हणाली, "मेल्या, नगरसेवक तर आपलाच हाय!"

दादांनी मूठ खाली घेतली नाही. "बरोबर बोलला तो. नळाला पानी नाय, तर मी कसला नगरसेवक? दे घोषणा परत!" आणि "राजीनामा द्या" सगळ्यांत मोठ्यानं त्यांनीच म्हटलं. मग अनवाणीच आत जाऊन अधिकाऱ्यांपुढे ठाण मांडून बसले. संध्याकाळी नळांना पाणी आलं.

पुढची निवडणूक मात्र ते हरले. विरोधकांनी माझीच घोषणा गल्लोगल्ली दिली होती. निकालाच्या दिवशी मी मान खाली घालून त्यांच्या ओट्यावर बसलो, तर दादा चहा पुढे करत म्हणाले, "घोषणा तुझीच होती रे, पन गळा तुझा नव्हता."

नळ आताही आटतात. मी घसा खाकरतो, आणि चपला काढणारं कोणी दिसतंय का, ते बघत राहतो.