ओके दाबायच्या आधी

आमच्या बाईने उभ्या जन्मात कोणाला घाईने ओके दाबू दिलं नाही. कंप्युटरवर इंग्रजीत चौकट आली की माणसाचा हात आपोआप ओकेकडे जातो. चौकट गेली म्हणजे भानगड गेली, असं त्याला वाटतं. बाई तेवढ्यात तळहात आडवा धरायची. "थांबा. आधी लिहून घेऊ द्या." मुकुटबनात तिचं नाव थांबाबाई पडलं ते असं. चाळीस वर्षं मी तिचा नवरा, पण गावात माझी ओळख थांबाबाईचा बुढा एवढीच. मला त्याचं कधी वाईट वाटलं नाही. मी चौथी शिकलेला. लाकडाच्या डेपोत ओंडके चढवण्यात माझा जन्म गेला. माझी दुसरी ओळख निघण्यासारखी नव्हतीच.

ती दहावी होती. लग्नाआधी वणीला टायपिंग शिकली होती. त्यानंतर तीस वर्षं त्याच बोटांनी तिने कापूस वेचला आणि निंदण केलं. मग बायांच्या बचत गटाला ऑनलाइन सेंटर मिळालं. कंप्युटरला हात लावायला एकही बाई तयार होईना. आमची बाई पदर खोचून बसली. खाली न पाहता टाइप करू लागली. मी दारात उभा राहून पाहत होतो. माझ्या घरात ही बाई एवढी वर्षं होती आणि मला तिचं हे माहीत नव्हतं.

कंप्युटरचा एक रोग असा की एखादा प्रोग्राम उघडतच नाही. अमुक फाईल सापडत नाही, एवढं चौकटीत लिहून येतं. लोक घाबरतात, दोन थपडा मारतात, बंद करून चालू करतात. बाई त्या फाईलचं नाव अक्षर न अक्षर वहीत उतरवून घ्यायची. सगळ्या इंग्रजीचा अर्थ तिलाही लागत नव्हता. ती म्हणे, "अर्थ मागून पाहू. नाव गेलं तर शोधाचं कोणाले?" नाव लिहून झालं की तिचा एकच सवाल असे, "काल काय काढलं यातून?" समोरचा म्हणे, मी काहीच केलं नाही. "मंग फाईलले पाय फुटले का?" बाई म्हणे. अर्ध्या तासाने तो माणूस कबूल होई.

झरीचा एक फोटोवाला होता. लग्नाचे अल्बम बनवायचा. त्याची अशीच एक फाईल हरवली, तर त्याने कुठूनतरी फुकटात दुसरी उतरवून घेतली. ती टाकल्यावर बाकीचे प्रोग्रामही बसले. मशीन घेऊन तो बाईकडे आला. "रस्त्यावर पडलेली गोळी उचलून खाता का तुमी?" बाई म्हणाली. तो हसला. बाई हसली नाही. "ज्या डब्ब्यातून प्रोग्राम आला त्याच डब्ब्यातून फाईल घ्याची. दुसऱ्याच्या घरची नाही." दोन दिवस बसून तिने सगळं पुसलं आणि मूळ सीडीवरून नवं टाकलं. पैसे घेतले नाहीत. त्याने मग तिचा फोटो काढायला कॅमेरा उचलला. ती म्हणाली, "थांबा, केस तं नीट करू द्या," आणि तळहात आडवा धरला. त्याने तेवढ्यात बटण दाबलं.

मागच्या साली तिला दम लागू लागला. यवतमाळला मोठ्या दवाखान्यात ठेवलं. पोरगी वंदना तिच्याजवळ राहिली, आणि सेंटर चार दिवस माझ्या गळ्यात आलं. बाईने मला मोजून दोन कामं शिकवली होती, झेरॉक्स काढणं आणि म्हाताऱ्यांचे अंगठे घेऊन हयातीचा दाखला काढणं. माणूस जिता आहे एवढं त्या दाखल्याने सरकारला कळतं. तो वेळेत गेला नाही तर निराधारचा पगार बंद.

मला वाटलं, बाई घरी येईल तेव्हा मशीन स्वच्छ दिसावी. प्रोग्रामची यादी उघडायची कशी ते मी पाहिलं होतं. ज्याचं चित्र समोर दिसत नाही, जे कोणी कधी उघडत नाही, ते बिनकामाचं, असा मी हिशेब लावला आणि चार नावं काढून टाकली. पोतेरं मारल्यासारखं बरं वाटलं.

दुसऱ्या दिवशी हयातीच्या दाखल्याची शेवटची तारीख. झरी जामणीच्या पोडांवरून, म्हणजे कोलामांच्या वस्त्यांवरून, जीप भरून म्हातारी माणसं आली. अकरा जण. पुढं पोचूबाई, कोलामाची, काठी टेकत. मी अंगठ्याचा प्रोग्राम उघडला तर चौकट आली. फाईल सापडत नाही.

"काय म्हणते तुहा डब्बा?" पोचूबाईने विचारलं.

"काही नाही. बस तू."

"बसूनच तं आली जीपमधी. आज नाही झालं तं सरकार मले मेली लिहीन ना, बुढ्या."

मी फोन लावला. वंदनाने उचलला आणि चिडली. "बाबा, मायले नाकात नळी लावली हाय. तिले बोलाले नोका लावू." मागून बाईचा आवाज आला, "दे इकडं."

"चौकट समोर हाय का?" ती म्हणाली.

"हाय."

"ओके दाबलं का?"

"नाही."

"शाबास." चाळीस वर्षांत हा शब्द मी तिच्या तोंडून पहिल्यांदा ऐकला. "वाचा."

"काय वाचू? इंग्रजी हाय."

ती थोडा वेळ दमच घेत राहिली. मग म्हणाली, "आकडे कुठं हायत?"

"शंभर लिहून हाय."

"शंभरच्या डाव्या हाताले चिकटून जे अक्षरं हायत, ते एकेक कीबोर्डवर शोधा. कोणत्या ओळीत, कितवं, तेवढं सांगजा."

मी बोट ठेवून मोजलं. "खालच्या ओळीत सातवं."

"पुढं."

"मधल्या ओळीत दुसरं. मंग खाली चौथं. खाली तिसरं. वरच्या ओळीत शेवटचं."

"समजलं. तुमी काय काढलं यातून?"

मी सांगून टाकलं. तिच्यापुढे खोटं चालत नसे, फोनवरही नाही.

"अवो, समाजाच्या भांड्याचे कारभारी ना तुमी?" ती म्हणाली. खरंच होतं. विहारातली लग्नाची भांडी, गंज-पातेली, वीस वर्षं माझ्या ताब्यात आहेत. "तो मोठा गंज रोज कोणाच्या चुलीवर दिसते का?"

"नाही."

"मंग कोणाचाच नाही म्हणून मोडीत देता का? अर्ध्या गावाचं जेवण त्यात शिजते. ते फाईल तशीच हाय. तिले कोणी उघडत नाही, पण चार प्रोग्राम तिच्यावर चालते."

तिला खोकला आला. मग तिने सांगितलं, बिस्किटाच्या डब्यात लाल पेनड्राइव्ह आहे, त्यात सारख्या नावाच्या दोन फाईली आहेत. एकीच्या शेवटी चौसष्ट, एकीच्या शहाऐंशी. "शहाऐंशीवाली दोनदा दाबा. मशीन नवी हाय, पण अंगठ्याचा प्रोग्राम जुना. त्याले जुनीच लागते."

मी दाबली. हिरवी पट्टी भरत गेली. प्रोग्राम उघडला. पोचूबाईचा अंगठा मोहफुलं वेचून गुळगुळीत झालेला, चौथ्या वेळी उमटला. ती फोनजवळ तोंड नेऊन म्हणाली, "बाई, मी जिती हाय वो."

पलीकडून बाई हसली. बाकीच्या दहाही जणांचे अंगठे होईपर्यंत तिने फोन ठेवू दिला नाही. तिचं हसणं मी ऐकलं ते शेवटचं. आठव्या दिवशी ती गेली.

पुण्यानुमोदनाला फोटोवाल्याने तोच फोटो मोठा करून आणला. लोक पाया पडताना म्हणत, पहा, मायचा हात कसा आशीर्वादाचा आहे. तो थांबाचा हात होता, हे मला ठाऊक. जेवण समाजाच्या गंजात शिजलं. तो मी स्वतः घासून ठेवला. पोचूबाई आली होती. काठी बाजूला ठेवून पंगतीत बसली आणि पोटभर जेवली. तिच्याकडे पाहून मला बरं वाटलं. बाई जाताना अकरा जणांना जितं लिहून गेली. माझी चूक तिने दवाखान्यातल्या खाटेवरून सुधारली आणि गावात कोणाला सांगितली नाही. मी आज इथे सांगतो.

आता सेंटर गटातली शालू चालवते. बाईचं नाव काढल्याशिवाय तिचं नाव मशीनमध्ये चढत नव्हतं. तिने मला बोलावून घेतलं. चौकट आली, नाव पुसायचं का म्हणून. शालूचा हात ओकेकडे गेला. माझा तळहात आपोआप आडवा झाला.

"थांब," मी म्हणालो. "आधी लिहून घेऊ दे."

मी बाईची वही उघडली. चौकटीत तिचं नाव होतं. कीबोर्डवर बोट ठेवत एकेक अक्षर शोधलं आणि पाहून पाहून उतरवलं. मधल्या ओळीतलं दुसरं. वरचं सातवं. खालचं सातवं. मधलं पहिलं. खालचं सहावं. माझी इंग्रजी अक्षरं वाकडी आली, पण पाचही आली. सुमन.

मी वही मिटली आणि म्हणालो, "आता दाब."