येतो म्हणा, भावजी

आमच्या धाकट्या दिरांइतका दुसऱ्याचा जीव टांगणीला लावणारा माणूस अख्ख्या न्हावऱ्यात दुसरा नसेल. शॉर्ट फिल्म करायचं खूळ. त्यात ना भूत, ना खून. "वहिनी, भीती घरातच असती, नुसतं थांबून बघायचं," म्हणायचे. एकदा मला कुकरसमोर बसवलं. शिट्टी होईल होईल वाटतं आणि होत नाही, एवढाच सीन. त्यासाठी शिट्टीच काढून खिशात घातली. डाळ करपली, तर म्हणाले, "वास कॅमेऱ्यात येत न्हाई, चालतंय." एकदा उंबऱ्यापाशी परक्या चपला ठेवल्या. सासूबाईंनी पाहुण्यासाठी चहा टाकला आणि सगळं घर शोधलं.

हे मी सोसलं. पण एक गोष्ट अजून माफ केलेली नाही. घरातून निघताना कुणी 'जातो' म्हणतं का? आमचे हे रोज सकाळी मोटरसायकलला दुधाचे कॅन अडकवतात, "येतो गं" म्हणतात आणि डेअरीवर जातात. त्या दिवशी म्हणाले, "जातो." आणि गेलेच. पिठाच्या हातानं रस्त्यापर्यंत पळाले, फोन लावला तर बंद. तासभर दारात उभी होते, तव्यावर भाकरीचा कोळसा झाला. आणि हे शहाणे भावजी गोठ्याआडून माझं तोंड टिपत होते. भावाला शब्द पढवला त्यांनीच, फोन बंद ठेवायला लावला त्यांनीच.

"सांगून असला चेहरा येत न्हाई, वहिनी."

"माझ्या कुंकवाशी खेळ मांडताय व्हय?" मी म्हटलं, आणि दोन दिवस त्यांना कोरडी भाकरी वाढली.

शिरूरला एका हॉलमध्ये ती फिल्म दाखवली. आधी ह्यांचं ते "जातो", मग नुसती मी, दार आणि रस्ता. मागून एक आबा बोलले, "आरं, येतो म्हन की लेका." कुणी हसलं नाही. मीही पदर डोळ्याला लावला, त्याचा राग आणखी वेगळा.

पुढं पुण्यात भावजींना फिल्मच्याच कामावर घेतलं. निघायच्या दिवशी यष्टी आली आणि कुठल्याशा सीनचं बोलता बोलता भावजी चढलेसुद्धा. ज्या शब्दापायी माझा जीव खाल्ला, तोच म्हणायचा राहिला. मी मागून ओरडले, "भावजी, येतो म्हणा." तर खिडकीतून मोबाईल काढून माझंच तोंड टिपत बसले. याला काय म्हणावं?

दिवाळी गेली, गावची यात्रा गेली. फोनवर कधी येताय विचारलं की हसतात आणि जेवणाचं विचारतात. यष्टीतून घेतलेली ती फिल्म त्यांनी अजून कुणालाच दाखवलेली नाही. ती दाखवायला तरी या म्हणावं.