कालचं हाय ते

आधी खालांचं नाव घेते, मग काय झालं ते सांगते. माझी मुलगी आज दारात पळते आहे ती खालांमुळं. हे वाक्य आधीच लिहून टाकलं, म्हणजे पुढं काही चुकलं किंवा राहून गेलं तरी मुख्य ते लिहून झालेलं असेल. मी आठवीतून शाळा सोडलेली बाई. लिहायला बसलं की आधी चुकण्याचीच भीती वाटते.

खाला काहीही उचलायच्या आधी ओढणीचं टोक दातात धरायच्या. पाण्याची घागर असो, गॅसची टाकी असो, नाहीतर ओव्हनमधला तापलेला ट्रे. ओढणी दातात असली की त्यांचं बोलणं निम्मंच कळायचं, आणि नेमक्या त्याच वेळी त्या सगळ्यात जास्त बोलायच्या. तुमच्याही गल्लीत असेल अशी एखादी, जिचं अर्धं बोलणं आपण अंदाजानं समजून घेतो.

मी त्यांना पहिल्यांदा ऐकलं ते असंच, दातांतून. पाणी यायचा दिवस होता आणि सगळी गल्ली नळावर होती. मला सहावा महिना होता. घागर कमरेवर घेतली आणि डोळ्यांपुढं काळं आलं. शुद्धीवर आले तेव्हा मी पायरीवर बसलेली होते आणि माझी घागर दुसऱ्याच बाईच्या कमरेवर होती.

"पोटुशी बाई घागर उचलतीया आन् समद्या बगत हुब्या हायत. कुटली गं तू?"

"गोंदियाची जी."

"लई लांब की. आन् जी कुणाला म्हंतीस? मी काय मास्तरीन हाय?"

त्यानंतर मी जी म्हटलं की त्या "काय गं, हजेरी घेऊ का?" म्हणायच्या. पण माझं जी काही सुटलं नाही.

नवरा रस्त्याच्या कामावर रोलर चालवायचा. काम सोलापूरच्या बाहेर मंद्रूपच्या पुढं चाललेलं, तिकडंच पत्र्याच्या शेडमध्ये राहणं, आठवड्यातून एकदा घरी. खोली मिळायला आम्हाला त्रास झाला होता. आडनाव सांगितलं की "कालच गेली बघा खोली" असं ऐकायला यायचं. एका काकूंनी मात्र आडनाव विचारलंच नाही. त्या लिंगायत, घरात अंडंसुद्धा नाही. किल्ली हातात देताना एवढंच म्हणाल्या, "कोंबडी, बोकड काय ते दार लावून कर. पर मोठ्याचं माझ्या घरात शिजायचं न्हाय बग. ते तेवढं सांबाळ."

मोठ्याचं म्हणजे म्हशीचं मटण. आमच्या माहेरी ते सगळ्यांच्या घरी शिजायचं, त्यात लपवण्यासारखं काही आहे हे मला सोलापुरात येऊन कळलं. मी मान हलवली. खोली मिळत होती.

दवाखान्यातल्या बाई दर वेळी म्हणायच्या, रक्त कमी आहे, गोळ्या घे. गोळ्या पोटात राहत नव्हत्या, सगळं उलटून पडायचं. माझी मोठी बहीण बाळंतपणात रक्त जाऊनच गेली होती. त्यामुळं "रक्त कमी" हे शब्द ऐकले की मला तिची खाट दिसायची. घरी येऊन मी आपलं पोट धरून बसायची. फोनवर आईला सांगायचं नाही, कारण तिनं तेच पुन्हा ऐकायला नको. एक दिवस खालांजवळ बोलून गेले, "घरी असते तर आईनं मोठ्याचं करून घातलं असतं जी." त्यांनी हातातला चहाचा कप विसळला आणि गेल्या.

खालांनी उमेदीची सगळी वर्षं मस्कतला एका घरच्या स्वयंपाकघरात काढली होती. नवरा लवकर गेला, मूल नाही. परत येताना त्यांनी एक ओव्हन आणला, एक खोकला आणला आणि हा पदार्थ आणला: पास्ता, खिमा आणि वरून दुधाचा घट्ट पांढरा सॉस, सगळं थरांनी ट्रेमध्ये लावून भाजायचं. भिशीच्या पार्ट्यांना आणि मुलींच्या हॉस्टेलला त्या कोंबडीचे ट्रे करून द्यायच्या. माझ्यासाठी मोठ्याचा खिमा घालायला लागल्या. नवी पेठेतून ॲल्युमिनियमचे छोटे ट्रे वेगळे आणले. "तुजं भांडं अलग. कुणाच्या भांड्यात हे मिसळलं न्हाय पायजे. ज्याचं त्याला."

मी गल्लीतल्या त्यांच्या घरी खाटेवर बसून बघायची. खिमा आधी नुसताच कढईत कोरडा परतायच्या, पाणी आटून तो चरचरायला लागेपर्यंत. मग कांदा, लसूण, टोमॅटो, मिरपूड. सॉसला लोण्यात मैदा भाजायचा आणि दूध थोडं थोडं घालत हलवत राहायचं. हात थांबला की गाठी. मला वाटायचं तो पुरेसा घट्ट झाला, त्या आणखी दूध घालायच्या. पास्ताच्या नळ्या तर मधे पांढरा ठिपका दिसतोय तोवरच पाण्यातून काढायच्या.

"कच्च्या राहिल्या जी."

"राहू दे. रातभर दूध पितात त्या. आत्ता पुऱ्या शिजवल्या तर उद्या लापशी."

मग थर लावून, चीज किसून, झाकण घालून ट्रे फ्रिजमध्ये. दुसऱ्या दिवशी दुपारी ओव्हनमध्ये. "आज जमाव, कल खाव," हे त्यांचं वाक्य. भिशीच्या बायकांना हेच आवडायचं, की आदल्या दिवशी ट्रे घरी येऊन पडतो आणि पाहुणे आल्यावर फक्त गरम करायचा.

एका गोष्टीवर मात्र खाला चिडायच्या. कुणी "कालचं म्हणजे शिळंच की" म्हटलं की संपलं. एकदा एका गिऱ्हाईक बाईनं ट्रे घेताना नाक मुरडून असं म्हटलं, तर खालांनी तिच्या हातातून ट्रे परत घेतला आणि "उरतंय ते शिळं. हे उरलेलं न्हाय, राखलेलं हाय," म्हणून दार लावलं. तो ट्रे मग आम्ही दोघींनी खाल्ला. खाताना त्या पुटपुटत होत्या, "शिळं म्हंती. हात जळला माजा ते बनवताना."

माझा ट्रे फडक्यात गुंडाळून जिन्यानं वर यायचा. वरून सगळं पांढरं आणि जरासं लालसर. खिमा खाली दडलेला. काकू खालून विचारायच्या, "काय चाललंय खाला? खीर हाय व्हय?"

"नळीच्या शेवया हायत काकू. पोरीचे डोहाळे."

"बरं केलं. दूध पोटात जाऊ दे तिच्या."

मला घाम फुटायचा. खाला वर येऊन दार लोटायच्या आणि तोंडात ओढणी कोंबून हसायच्या. पण एकदा हसणं थांबवून म्हणाल्या, "शेवया म्हनलं ते खोटं न्हाय. खीर हाय म्हनले असते तर खोटं झालं असतं." हा हिशोब त्यांचा त्यांना पक्का होता. मला तो तेव्हा नीटसा कळला नव्हता.

मी ते काकूंच्या घरात शिजवत नव्हते, पण खात होते. रोज रात्री हेच मनात यायचं. दवाखान्यातल्या बाई म्हणाल्या, रक्त वाढतंय, तेव्हा मी रडले. त्यांना वाटलं आनंदानं.

सातवा महिना सरत आला तेव्हा काकूंनीच डोहाळजेवण ठरवलं. "तुजं म्हायेर लांब, म्हनून काय तुजी ओटी भरायची न्हाय?" त्यांनी हिरवी साडी आणली, गल्लीतल्या बायका बोलावल्या, खाली अंगणात पाट मांडला. मला फुलांचा गजरा माळताना त्यांचे हात इतके हळू होते की मला आईची आठवण आली. खाला कोपऱ्यात पायरीवर बसल्या होत्या. त्या दिवशीचा माझा ट्रे त्यांनी सकाळीच भाजून वर खोलीत ठेवला होता, दुपारी खाशील म्हणून. समारंभ असा लांबेल हे कुणाला ठाऊक.

ओटी भरून झाली. काकू आणखी ताटल्या आणायला वर माझ्या खोलीत गेल्या. खाली आल्या त्या ट्रे घेऊन. फडकं काढलेलं.

"बगा गं, खालांनी खीर करून वर लपवून ठेवलीया. डोहाळजेवणाला गोड हळूच खायाचं असतंय व्हय?"

बायका हसल्या. काकूंनी ट्रे पाटापुढं ठेवला, चमचा आत घातला आणि म्हणाल्या, "पयला घास मी खाते. तिच्या आईच्या जागी मीच की आज."

मला उठता येईना. चमचा वर आला, त्यावर पांढरं दिसत होतं, खालचं अजून दिसत नव्हतं.

"हात लावू नगा काकू," खाला म्हणाल्या. त्या उभ्या राहिल्या होत्या. "कालचं हाय ते. शिळं हाय."

काकूंचा हात थांबला. "शिळं?"

"व्हय. शिळं."

"डोहाळजेवणाच्या घरात? पोटुशीला शिळं खाऊ घालतीस तू?"

"घालते की. रोजच घालते."

काकूंनी चमचा टाकला. "ब्याड, ब्याड," म्हणत त्यांनी दोन्ही हातांनी ट्रे लांब सारला. नको म्हणायचं असलं, आणि मनापासून नको असलं, की त्या कानडीत बोलायच्या. एक बाई म्हणाली, "तरीच म्हनलं, आदल्या दिवशी कसं काय आणून देती." दुसरी म्हणाली, "आमी भिशीला घेतलं की गं हिच्याकडनं." खालांनी फडकं घातलं, ट्रे उचलला आणि फाटकातून बाहेर गेल्या. मागं वळून बघितलं नाही.

संध्याकाळी मी त्यांच्याकडं गेले. खरं सांगून टाकते काकूंना, म्हणाले. त्यांनी माझं मनगट धरलं.

"काय सांगनार? तुजी खोली जाईल, माजी गल्ली जाईल. आन् ती बाई? तिनं चमचा तोंडाजवळ नेला व्हता, ते तिला जन्मभर आठवत राहील. तिचा धरम तिच्यापाशी राहू दे. शिळं म्हनल्यानं काय कुणाचा जीव जातो का?"

जीव गेला नाही. भिशीच्या बायका गेल्या. हॉस्टेलनं विचारलं, मुलींची पोटं दुखतात ती तुमच्याच जेवणानं का. कुणाचंही पोट दुखलं नव्हतं. नळावर पोरं "शिळंवाली खाला" म्हणायला लागली. खाला त्यांना म्हणायच्या, "चला, नाव तर मिळालं म्हातारीला." पण घरी ओव्हनवर कापड पडलं ते पडलंच. फक्त माझा ट्रे बंद झाला नाही. आता तो त्या बुरख्याखाली घेऊन यायच्या, आणि जिन्यात काकू भेटल्या की काकू तोंड फिरवायच्या.

बाळंतपणात माझं रक्त गेलं, पुष्कळ गेलं. डॉक्टरीणबाई नंतर म्हणाल्या, आधीचं रक्त भरलेलं होतं म्हणून निभावलं. खाला बाहेर बाकावर बसून होत्या. मुलीला हातात घेतलं, कानाजवळ काहीतरी पुटपुटल्या आणि मला म्हणाल्या, "काळी हाय गं. लई छान हाय."

मुलगी रांगायला लागली त्या सुमारास मस्कतच्या त्या जुन्या घरून फोन आला. म्हातारी मालकीण अंथरुणाला खिळलेली, माणूस हवं होतं. या वयात कुणी परत जात नाही. खाला गेल्या. हितं काय करू, म्हणाल्या. रिक्षा आली तेव्हा काकू वरच्या गॅलरीत उभ्या होत्या. खालांनी वर बघून हात केला. काकू आत गेल्या.

ती खोली आम्ही आता सोडली आहे, म्हणून हे लिहायला धजावले. नाव कुणाचंच दिलेलं नाही. खालांचा फोन येतो. गुडघे सुजलेत, जिना उतरवत नाही, म्हणतात. परवा म्हणाल्या, "हितं काय झालं तर मातीला कोण यील गं?" आणि लगेच हसून विषय बदलला, पोरगी बोलायला लागली का विचारलं. त्यांच्या मागं घंटी वाजत होती, कुणीतरी हाक मारत होतं, आणि फोन तुटला.

खाला, तुमच्यापुढं मला बोलता येत नाही ते इथं लिहिते. नवरा आता कायमच्या नोकरीच्या मागे आहे, मी चार घरची कामं धरली आहेत. किती दिवस लागतील ते मला सांगता येत नाही, पण तुमचं तिकीट मी काढणार आहे. स्टेशनवर घ्यायला येणार आहे. गुडघे दाबीन, डॉक्टरकडं नेईन, अंथरुणाला खिळलात तर तुमचं सगळं हातानं करीन. मातीचं मला तुमच्या रीतीनं कळत नाही. त्याच्या आधीचं सगळं माझ्याकडं.