टँकर सातचं गाव

रुस्तेमला आमच्या कंपनीने तो मेल्यावर फसवलं. शब्द दिला होता मला, सगळ्या ड्रायव्हरांसमोर.

फौजेतून नायब सुभेदार म्हणून रिटायर झालो आणि कुवेत गाठलं. काम ओळखीचं होतं. इराकच्या सरहद्दीकडे डिझेल नेणाऱ्या कॉन्व्हॉयची सिक्युरिटी. राहायला खैतानला. खोलीत चौघे, पण शिफ्ट वेगवेगळ्या; मी परतायचो तेव्हा तिघांच्या रिकाम्या खाटा असायच्या.

रुस्तेम टँकर सात चालवायचा. क्राइमियाचा तातार, पूर्वी सोव्हिएत फौजेत रणगाड्याचा ड्रायव्हर. मला ‘अगा’ म्हणायचा. त्यांच्यात थोरल्या भावाला तसं म्हणतात. महायुद्धात सोव्हिएत सरकारने त्याची सगळी जमात मालगाड्यांत कोंबून उझबेकिस्तानात नेऊन टाकली होती. त्याचा जन्म तिथलाच. सोव्हिएत राज्य मोडायला आलं तेव्हा तो क्राइमियात परतला. माळावर एक खोली बांधली. पोलिसांनी पाडली, याने पुन्हा बांधली. पासपोर्ट मात्र उझबेकिस्तानचाच राहिला.

त्याच्या आईने मालगाडीत चार-चार ओळींची गाणी रचली होती. ती कुठे लिहिलेली नव्हती. रुस्तेमची मुलगी रशियन शाळेत शिकली, तिला ती तातार गाणी कळत नसत. सकाळी रेडिओ चेकला बाकीचे ‘ओके’ म्हणत, हा त्यातल्या चार ओळी म्हणे.

“सेव्हन, हे काय चाललंय?” मॅनेजर विचारायचा.

“चेकच करतोय, सर. आवाज लांब जातो का बघतो.”

करार नवा करायची वेळ आली तेव्हा त्याची एकच मागणी होती. मेलो तर क्राइमियात पुरा. त्याचा बाप उझबेकिस्तानच्या परक्या मातीतच राहिला होता.

मॅनेजर हसला. “सुभेदार, जगण्याच्या अटी बोला.”

मी टेबलावर हात आपटला. उन्हाळ्यातली दुपारची फेरी कोणी घेत नव्हतं. म्हटलं, ती आम्ही घेतो, या माणसाचं गाव मान्य करा. मॅनेजरने सगळ्या ड्रायव्हरांसमोर हात मिळवला.

त्याच उन्हाळ्यात, दुपारच्याच फेरीत धुळीचं वादळ आलं. कॉन्व्हॉय रस्त्याकडेला थांबला, टँकरला टँकर खेटून. सातच्या मागच्या चाकाने पेट घेतला.

“सेव्हन, गाडी सोड. उतर. ओव्हर.”

“पुढे सहा, मागे आठ. कुठे सोडू, अगा?”

“ऑर्डर आहे.”

“वाळूत काढतो. आउट.”

धुळीत काही दिसत नव्हतं. इंजिनचा आवाज लांब लांब जात राहिला. मग स्फोट झाला. बाकी आम्ही सगळे वाचलो.

कंपनीने पासपोर्ट पाहिला आणि पेटी ताश्कंदला पाठवली. तिथे त्याचं कोणी उरलं नव्हतं. बायको आणि मुलगी क्राइमियातल्या विमानतळावर उभ्या होत्या. जिथून तो सुटून आला होता, तिथेच त्याला परत धाडलं.

मॅनेजर म्हणाला, “कागदावर तोच देश आहे.”

मी त्याची कॉलर धरली. नोकरी गेली.

निघायच्या सकाळी शेवटचा रेडिओ चेक ऐकला. सहाने ‘ओके’ म्हटलं. त्यानंतर सातच्या चार ओळींएवढा वेळ आठने बटण दाबलं नाही.

मॅनेजर आता कुवेतमध्येच फिंतासला समुद्रासमोर राहतो, असं ऐकतो. मला त्याचं स्पष्टीकरण नको. त्याने रुस्तेमच्या मुलीसमोर उभं राहावं आणि तिचा बाप ताश्कंदला का आहे, ते तिला सांगावं.