बॉयलरबुवांचं बारावं गाणं

बॉयलरबुवांना मी बसलेलं पाहिलं ते फक्त सायकलवर. एरवी हा माणूस उभा असे, नाहीतर कुठून तरी उठून कुठे तरी निघालेला असे. बोईसरच्या ज्या रंगाच्या कारखान्यात मी केमिस्ट म्हणून पहिली नोकरी केली, तिथे ते बॉयलर सांभाळत. काचेतली पाण्याची पातळी आणि डावीकडचा दाबाचा काटा यांच्यावर डोळा ठेवणं हे त्यांचं काम. वीस वर्षं ते केल्यावर शरीरालाच सवय लागली होती. दर चार-पाच मिनिटांनी ते उठत, डावीकडे चार पावलं जात, मान वर करून बघत आणि परत येत. कँटीनमध्येही, लग्नाच्या पंगतीतही. तिथे डावीकडे काटा नसे; एखादं कॅलेंडर असे, किंवा वरमाई असे. पण बघून आल्यावर त्यांच्या चेहऱ्यावर समाधान दिसे. ते पुढची चार-पाच मिनिटं टिके.

बुवा ही पदवी कारखान्याची. आमच्याकडे भजनात पुढे बसतो तो बुवा. हे भजनाला जातच नसत, कारण तिथे बसावं लागतं. पण ते गात. स्वतःची गाणी, स्वतःच्या चाली, आणि ताल असा की त्यात तबलजीने हात घातला असता तर तो मोडून घेतला असता. साथीला बुलबुलतरंग होतं. त्याची दोन बटणं दाबली की वर यायची नाहीत, म्हणून बुवांच्या चालींत ते दोन स्वर नव्हते. "बटण नाय तर सूर पण नाय," ते म्हणत. "आपल्याला जे हाय त्यात भागवायचं." मला त्या वयात संगीतातलं बरंच कळत असे. पुढे ते कमी होत गेलं.

गाण्यांचे विषयही कुणी घेतले नसतील असे. मेव्हण्याने नेलेली आणि परत न केलेली छत्री. उमरोळी स्टेशनात थांबावं की नाही अशा विचाराने सावकाश होणारी आणि मग न थांबणारी गाडी. कारखान्यामागचा नाला, जो सोमवारी तांबडा आणि बुधवारी निळा असे. त्या गाण्यात आठवड्याचे सगळे वार होते आणि फक्त रविवारी पाणी पाण्याच्या रंगाचं होतं. एक गाणं बॉयलरवर:

काच सांगते पाणी किती, काटा सांगतो जोर,
माझ्या आत किती चढलंय, कुणाच्या जिवाला घोर?

हे ते कोळसा ओढणाऱ्या तिवारीला म्हणून दाखवत. तिवारी उत्तर प्रदेशातला, बोईसरला एका खोलीत एकटा राहणारा. फावड्यावर हनुवटी टेकून तो ऐके आणि म्हणे, "बुवा, समझ में तो कुछ नहीं आया. एक बार और गाओ."

मग बुवांच्या डोक्यात कॅसेट शिरली. मेव्हण्याने आखातातून एक टेपरेकॉर्डर आणला होता आणि बहुधा छत्रीची भरपाई म्हणून तो बहिणीकडे ठेवला होता. बुवांनी ठरवलं, आपली गाणी भरायची. स्टुडिओत नाही, घरीच. अडचण आवाजांची होती. घर उमरोळीला, रूळांपासून हाकेच्या अंतरावर. बुवांनी घरातल्या भिंतीवर खडूने वेळापत्रक लिहिलं: शटल, मालगाडी, शेजारणीचं मिरच्या कुटणं, कारखान्याचा भोंगा, कोंबड्या (यांच्यापुढे प्रश्नचिन्ह). या सगळ्यांतून दुपारी अकरा मिनिटं उरत.

त्या अकरा मिनिटांसाठीही त्यांना जागा पसंत पडेना. गोधडीखाली आवाज दबतो, माळ्यावर पत्रा वाजतो, विहिरीजवळ लोक जमतात. शेवटी ती सापडली कणगीत. कणगी म्हणजे भात साठवायचं, शेणाने लिंपलेलं बांबूचं उभं पिंप. रिकाम्या कणगीत टेप सोडायचा, वरून तोंड घालून गायचं. आवाज गोल होऊन परत येतो. फक्त कणगी रिकामी असायला हवी, आणि ती होते भादव्याच्या सुमाराला, नवं भात येण्याआधीचे थोडे आठवडे. त्यामुळे एका तासाची कॅसेट भरायला बुवांना तीन वर्षं लागली. शेती-खात्याच्या हिशेबाने संगीत करणारा दुसरा कलावंत मला भेटलेला नाही.

एका रविवारी मी ते बघायला उमरोळीला गेलो. दारात वहिनी, म्हणजे बुवांची बायको, तांदूळ निवडत होत्या.

"कुठे आहेत बुवा?"

"कणगीत."

आत बघितलं तर खरंच बुवांचं धड बाहेर आणि डोकं आत. गाणं चाललं होतं. मध्येच ते ताठ झाले, गातगातच डावीकडे चुलीपर्यंत गेले, दुधाकडे बघितलं, गातगातच परत आले आणि डोकं आत घातलं. कॅसेटवर हे सगळं आहे. दर गाण्यात एकदा आवाज लांब जातो, पावलं ऐकू येतात, आणि आवाज परत येतो.

"बुवा, एक गाणं होईपर्यंत तरी जागेवर थांबा," मी म्हटलं.

"थांबलो असतो हो केमिस्ट. पण आत कायतरी चढतंय असं वाटतं. बघून आलो नाय तर फुटंल."

"भात संपलं की गाणी भरतात," वहिनी बाहेरून म्हणाल्या. "आमी काय शिजवून खायची ती?"

"तू ऐकून तर बघ."

"रोज ऐकतेय की. कणगीला तोंड एकच हाय, पण तुमचा आवाज चारी वाटांनी येतो."

एक गाणं भरताना टेपचे सेल उतरले होते. उतरत्या सेलवर फीत हळू फिरते, आणि नव्या सेलवर वाजवली की आवाज भरभर आणि बारीक येतो. बुवांचा घोगरा आवाज त्या गाण्यात दहा-बारा वर्षांच्या पोरीसारखा झाला. तिवारी म्हणाला, "बुवा, बिटिया को भी गवा दिया?" मी म्हटलं, पुन्हा भरा. तोवर नवं भात कणगीत पडलं होतं. बुवा म्हणाले, "राहू दे. मूल नाय आमाला. हे एक झालं." आणि डावीकडे बघायला निघून गेले.

सात प्रती निघाल्या. वर बुवांच्या अक्षरात फक्त ‘बारा गाणी’. कारखान्यात ज्यांना त्यांनी त्या दिल्या त्यांत कामगार कल्याण अधिकारी होते, तिवारी होता आणि मी होतो. मला देताना ते म्हणाले, "तुमी पुस्तकं वाचता. तुमाला कळंल. पण शेवटपरेंत ऐका हां. मध्ये सोडू नका."

तेव्हापासून त्यांना एकच ध्यास लागला. येताजाता विचारत, "ऐकलंत? शेवटपरेंत?" फिटरला, टाइमकीपरला, मला. पूर्वी ते काट्याकडे बघून येत. आता आमच्याकडे बघून जात. हातात लॉगबुक, चेहरा असा की दाब भलताच चढलाय. गाणी चांगली आहेत का, हे त्यांनी कधी विचारलं नाही. कुणी एकाने तरी ती सगळी ऐकावीत, एवढंच त्यांना हवं होतं. तीन वर्षं कणगीत डोकं घातलेल्या माणसाची ही मागणी फार नव्हती.

मी पहिली बाजू ऐकली. म्हणजे तिच्यातली साडेचार गाणी. पाचव्यात पावलं चुलीकडे गेली, तेव्हा मीही उठलो, आणि परत बसलो नाही. पुढच्या आठवड्यात ऐकू, असं महिनाभर म्हटलं. मग एकदा कँटीनच्या दारात त्यांनी गाठलं.

"काय केमिस्ट, शेवटचं कसं वाटलं?"

माझ्या मागे रांग होती. हातात ताट होतं. "बारावं ना?" मी म्हटलं. "उत्तम. शेवट त्यानंच व्हायला हवा होता."

"बारावं?"

"हो. इतर गाण्यांपेक्षा वेगळी उंची आहे त्याला."

बुवांनी त्या वेळी डावीकडे बघितलं नाही. माझ्याकडे बघितलं, काचेतलं पाणी वर आहे की खाली, हे ठरवताना बघत तसं. "बरं," ते म्हणाले. त्यानंतर त्यांनी मला कधी विचारलं नाही, आणि मला सुटल्यासारखं वाटलं.

त्या वर्षीच्या स्नेहसंमेलनात कल्याण अधिकाऱ्यांनी बुवांना शाल आणि नारळ दिला. हे गृहस्थ बोलताना डोळे मिटत. त्यामुळे श्रोते कधी उठले ते त्यांना कळत नसे. त्यांनी बुवांना ‘श्रमाच्या भट्टीतून निघालेलं सुवर्ण’ म्हटलं आणि म्हणाले, "या कॅसेटमधलं बारावं गीत तर केवळ कळस आहे!" टाळ्या पडल्या. मी शेजाऱ्याच्या कानात म्हटलं, यांनी कॅसेटची डबीसुद्धा उघडली नसेल. आम्ही हसलो. वर बघितलं तर बुवा नारळ हातात धरून स्टेजवरून थेट माझ्याकडे बघत होते. मला वाटलं, आपल्याच माणसाला शोधताहेत. मी हात हलवला.

वर्षभरात मी नोकरी बदलली आणि बोईसर सोडलं. निघायच्या दिवशी बुवा फाटकापर्यंत सायकल हातात धरून आले. नेहमी तोंडात काही ना काही चाल असे; त्या दिवशी नव्हती. "कॅसेट हाय ना जवळ?" एवढंच म्हणाले. मी म्हटलं, आहे. ते खरं होतं. पुढे मी चार शहरं आणि सहा नोकऱ्या बदलल्या आणि प्रत्येक सामानात ती होती. न वाचलेली पुस्तकंही मी अशीच जपतो.

बुवा गेल्याचं एका जुन्या सहकाऱ्याकडून कळलं, तेही इतर बातम्यांच्या ओघात. त्या रविवारी मी टेप शोधला आणि कॅसेट लावली. पहिली बाजू, मग दुसरी. छत्री, न थांबणारी गाडी, आठवड्याच्या वारांचा नाला, पोरीच्या आवाजातलं ते गाणं. बोटांवर मोजत होतो. अकरावं संपलं. मागे मालगाडी गेली. वेळापत्रक चुकलं असावं. मग पावलं लांब गेली, परत आली, आणि कणगीतून बुवा बोलले:

"हे अकरा झाले. बारावं मी भरलं नाय. इथवर जो कोण आला आसंल, त्यानं उमरोळीला यावं. त्याला समोर बसून म्हणून दाखवीन. उठणार नाय."

मग खट्ट आवाज, आणि उरलेली कोरी फीत.

ती मी शेवटपर्यंत ऐकली. कँटीनचं दार, माझ्या हातातलं ताट, ‘वेगळी उंची’, सगळं त्या खरखरीत ऐकू येत होतं.

पुढच्या आठवड्यात उमरोळीला गेलो. वहिनी थकल्या होत्या, पण त्यांनी ओळखलं. घरात कणगी होती, भाताने भरलेली. भिंतीवरचं वेळापत्रक कुणी तरी रंगाखाली घातलं होतं. कोंबड्यांपुढचं प्रश्नचिन्ह तेवढं वर आलं होतं. इकडचंतिकडचं बोलून झाल्यावर मी विचारलं, "बारावं गाणं कधी कुणी ऐकलं का हो?"

"ऐकलं की. तो भय्या आला होता. कोळशावाला."

"तिवारी? त्याला तर मराठी धड कळत नव्हतं."

"नाय कळत. पण म्हणाला, खोलीत दुसरी कॅसेट नव्हती, हीच लावायचो. म्हणाला, बुवा, बारहवाँ सुनाओ." वहिनी थोड्या हसल्या. "ह्यांना काय करू नि काय नको झालं. चटई घातली. त्याला समोर बसवलं, आपण बसले. मी दूध ठेवलेलं चहाला."

"कसं होतं गाणं?"

"आता मला काय सांगता येतंय? लांब होतं." त्यांनी चुलीच्या बाजूला बघितलं. "दूध उतू गेलं, विस्तव विझला, घरभर वास सुटला. मी धावले. हे हलले नायत."